आवाजाविना आशीर्वाद

घशाच्या डॉक्टरांनी दुर्बीण बाहेर काढली आणि म्हणाले, "स्वरतंतूंवर गाठी आल्या आहेत. महिनाभर संपूर्ण मौन. कुजबुजसुद्धा नको, तिने अधिक इजा होते. ऐकलं नाहीत तर शस्त्रक्रिया, आणि पुढे आवाज राहीलच असं मी सांगणार नाही."

मी विचारायला तोंड उघडलं. त्यांनी स्वतःच्या ओठांवर बोट ठेवलं. "आत्तापासून."

जळगावातल्या एका लहान ख्रिस्ती मंडळीची मी पाळक आहे, आणि आठवड्यातले काही दिवस एस.टी.ने धुळ्याला जाऊन सेमिनरीत, म्हणजे पाळक घडवणाऱ्या विद्यालयात, उपदेशशास्त्र शिकवते. ईस्टरच्या धावपळीत आवाज बसला होता, तो उठलाच नाही. पाठ केलेल्या कवितांनी मला लहानपणीच शिकवलं होतं की शब्द आधी जिभेवर वितळतो, मग अर्थात उतरतो. त्यामुळे शब्द गेला तर माझ्यात पाळक म्हणून काय उरेल, हा प्रश्न घेऊनच मी दवाखान्याच्या पायऱ्या उतरले.

मंडळीचा कारभार पाहणाऱ्या ज्येष्ठांना, ज्यांना सगळे नाना म्हणतात, मी पाटीवर लिहून दाखवलं. त्यांनी चष्मा सावरून वाचलं.

"महिनाभर? म्हणजे सैतानालाही सुट्टी!" मग माझा चेहरा पाहून हलकेच म्हणाले, "उपदेशाचं मी बघतो, बाई. तुम्ही घसा सांभाळा."

धुळ्याच्या वर्गात विद्यार्थ्यांचे परीक्षेचे उपदेश चालू होते. मी मागे बसून ऐकायचे आणि फळ्यावर एखादाच शब्द लिहायचे. एक मुलगी शेवटी धीर करून म्हणाली, "मॅडम, तुम्ही रागवायचात तेच बरं होतं. गप्प असता तेव्हा जास्त भीती वाटते." वर्ग हसला. मीही हसले, पण हसण्यालाही आवाज नव्हता, आणि ते मला फार चमत्कारिक वाटलं. परतीच्या बसमध्ये पारोळ्यापर्यंत खिडकीतून उन्हाचा, तापल्या मातीचा, कुणाच्या तरी डब्यातल्या ठेच्याचा वास येत राहिला. बोलणं थांबलं की वास किती जवळ येतात!

रविवारी नाना उपदेश करायचे. गीतं व्हायची, प्रार्थना व्हायच्या. अडायचं ते शेवटी. आमच्याकडे उपासनेच्या अखेरीचा आशीर्वाद दीक्षा झालेल्या पाळकानेच हात उंचावून द्यायचा, हा दंडक. नाना त्याऐवजी प्रभूची प्रार्थना म्हणवून घेत. लोक ती म्हणत, आणि तरी बाकांपाशी घुटमळत राहत, जसं जेवण झालं पण पाणी मिळालं नाही.

एका रविवारी नानांनाच ते सोसवलं नाही. "पाळकबाई, बोलू नका. नुसता हात तरी वर करा."

मी पुढे गेले, हात उंचावला. आणि सगळ्यांनी, जन्माच्या सवयीने, डोळे मिटले आणि माना लववल्या.

मग काहीच झालं नाही. माझ्याकडे सुरुवातीचा शब्द नव्हता, म्हणून त्यांच्याकडे शेवटचा 'आमेन' नव्हता. नानांनी स्वतः सुचवलेलं, तरी तेही डोळे घट्ट मिटून आशीर्वाद ऐकू येण्याची वाट पाहत उभे. एरवी त्या क्षणी माझेही डोळे मिटलेले असतात. ते चेहरे असे मी पहिल्यांदाच पाहत होते. घामाने ओले ओठ, कपाळांवरून सुटलेल्या आठ्या. मोगऱ्याचा आणि ओल्या रुमालांचा वास. दंड भरून आला. एकच शब्द पुरला असता. तो घशापर्यंत आला, मी गिळला. हात खाली घेतला. कुणी हललं नाही.

"आमेन!" पहिल्या बाकावरून खणखणीत आवाज आला. नरडाण्याकडून लेकाकडे राहायला आलेल्या अक्का. त्यांना ऐकू येत नाही, म्हणून त्या आशीर्वादाला डोळे कधी मिटतच नाहीत, हे मला ठाऊक नव्हतं. "डोया उघाडा रे बठ्ठा! बाईना हात खाले उना!"

बाईंचा हात खाली आलाय, सगळे डोळे उघडा, हे त्यांच्या अहिराणीतून कळताच हशा पिकला, आणि हसतहसतच लोक आमेन म्हणाले. त्या दिवशी कुणी घुटमळलं नाही.

महिना सरल्यावर डॉक्टरांनी पुन्हा पाहिलं. गाठी विरत होत्या, शस्त्रक्रिया टळली. "पण आवाज पूर्वीचा होणार नाही. जपून, थोडंच बोलायचं." मी 'हो' म्हटलं, तो 'हो' खाली कुठेतरी वाळूवरून घसरत आल्यासारखा निघाला. माझाच, आणि अनोळखी.

पुढल्या रविवारी मी बायबलमधला उतारा वाचायला उभी राहिले. मे महिन्यातलं जळगाव, भिंतीसुद्धा धगधगत होत्या. नानांनी माईक माझ्या हनुवटीशी आणून ठेवला, तरी तो खरखरीत आवाज छतावरच्या पंख्यांच्या घरघरीत मिसळून जात होता. मागच्या बाकांवरचे चेहरे ऐकू यावं म्हणून ताणले गेलेले दिसले. मला वाटलं, इथवरच. वाचायचा उतारा आटोपता घेऊन बसावं.

तेवढ्यात मागची एक बाई उठली, भिंतीपाशी गेली आणि तिने पंखे बंद केले. एकेक पातं मंदावत थांबलं. कुणी तक्रार केली नाही. पदर कपाळाला लागले, हातातली गीतपुस्तकं वारा घेऊ लागली, मग तीही थांबली.

त्या उकाड्यात मी उतारा पहिल्या ओळीपासून पुन्हा वाचायला घेतला.