आईची चमकी उतरवताना

मराठीत काही गोष्टींना त्यांचे सरळ क्रियापद लावत नाहीत. नारळ फोडत नाहीत, वाढवतात. बांगडी फुटली असे म्हणत नाहीत, वाढली म्हणतात. पनवेलच्या शाळेत मी हे वर्गाला शिकवीत असे, आणि तरीही त्या सकाळी आईला सरळ म्हणाले, "चमकी काढू या." तिने माझ्या तोंडावर हात ठेवला आणि वडिलांच्या खोलीकडे पाहिले.

वडील कित्येक महिने अंथरुणाला खिळून होते. भाताच्या गिरणीत कारकुनी करताना लागलेला खोकला छातीत उतरला होता. औषध, पेज, पिकदाणी, शाळा, पुन्हा औषध. आम्ही दोघी या चाकोरीत इतक्या दमून गेलो होतो की एकमेकींच्या चेहऱ्याकडे धड पाहतही नव्हतो. आईची डावी नाकपुडी सुजून लाल झाली होती आणि पदराचे टोक तोंडाशी धरून ती वावरत होती, ते मला तिने लावलेल्या हळदीच्या वासाने कळले.

बाजारपेठेतल्या डॉक्टरांनी नाक पाहिले आणि सावकाश समजावून सांगितले. सूज अशीच चढत गेली तर आतली फिरकी मांसात रुतेल, मग चिरल्याशिवाय निघणार नाही. तेव्हा आजच घरी उतरवा; मात्र छिद्र लगेच बुजू देऊ नका, नाहीतर पू आत कोंडेल. आईने त्यांच्यासमोर मान डोलावली आणि घरी येऊन साफ नकार दिला. सवाष्णीची चमकी कोणत्या दिवशी उतरते, हे तिने आपल्या आईच्या वेळी पाहिले होते. नवरा आत खोकत असताना तो दिवस ती आपल्या हाताने घरात आणणार नव्हती.

वाद घालण्याचे त्राण माझ्यात नव्हते. मी वडिलांच्या खाटेशी जाऊन सगळे सांगितले.  ते भिंतीपलीकडे ऐकू जाईल अशा बेताने म्हणाले, "अगं, मी खोकतोय ते ऐकू येतंय ना तुला? मग आत्ताच उतरव. आत्ता उतरवलीस तर ती नाकासाठी उतरेल. नंतरची माझ्यासाठी असेल."

स्वयंपाकघरात भांड्यांचा आवाज थांबला. थोड्या वेळाने आई बाहेर आली आणि पाटावर बसली. तिची अट एकच होती: नाक क्षणभरही रिकामे राहता कामा नये.

मी तळ्याकाठच्या कडुनिंबाची बारीक काडी आणली, सोलून गुळगुळीत केली आणि पाण्यात उकळली. हात साबणाने धुतले. कोमट मिठाच्या पाण्यात फडक्याची घडी भिजवून ती नाकपुडीवर धरून ठेवली. खपली भिजून मऊ होईपर्यंत दागिन्याला हात लावायचा नाही. घाई केली की कातडी फाटते. मग खोबरेल तेलाचा थेंब सोडला. आईला मान पुढे झुकवायला सांगितले आणि खाली ताट ठेवले, म्हणजे फिरकी सुटली तर घशाकडे न जाता ताटात पडेल. बाहेरून खडा चिमटीत स्थिर धरला आणि फिरकी फिरवली.

आईच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आले. समोर बसलेल्या माणसाचे डावे ते आपले उजवे, हे नकाशा शिकवताना मी रोज सांगत असे. तरी हात चुकला होता आणि फिरकी आणखी आवळली गेली होती.

"उलटी फिरव, मास्तरीणबाई," आई दातांवर दात धरून म्हणाली.

उलटी फिरवली तशी ती सैल झाली आणि ताटात पडली. चमकीची दांडी मी ओढली नाही, हलकेच डोलवत बाहेर घेतली, आणि तिच्यापाठोपाठ काडी सरकवली.

आई उठून तशीच आत गेली. वडिलांनी तिला जवळ बोलावून निरखून पाहिले असावे. "एवढं नाक होतं होय त्या खड्यामागे," ते म्हणाले. आई म्हणाली, "जळलं तुमचं लक्ष, आता दिसलं का?" दोघेही हसले आणि वडिलांना खोकल्याची उबळ आली. मी ताट घेऊन तिथेच भिंतीला टेकले. उठून पाणी द्यायला हवे होते. आईनेच दिले.

सूज ओसरली. चमकी धुऊन डबीत ठेवली होती, पण आईने ती परत मागितली नाही. काडी मात्र ती वरचेवर बदलत राहिली.

पावसाळा सरता सरता वडील गेले. रिवाजाप्रमाणे शेजारच्या बायका आईभोवती बसल्या. बांगड्या, जोडवी, सगळे झाले. एका म्हातारीचा हात सवयीने नाकाशी गेला आणि काडीपाशी अडखळला.

"ती राहू द्या," आई म्हणाली. "ती औषधाची आहे."

म्हातारीने हात मागे घेतला.