विहीणबाईंचं हातमागाचं कापड

माझ्या लेकीच्या साखरपुड्याला तिच्या होणाऱ्या सासूनं भर हॉलमध्ये माझ्या नवऱ्याचा पाणउतारा केला. ते मी विसरलेले नाही आणि विसरणारही नाही. लग्नकार्यात असं थोडंफार चालायचंच, असं सगळे म्हणाले. ज्यांच्यात चालतं त्यांच्यात चालू दे.

आमचे हे तेहतीस वर्षं भिवंडीत लूमवर, म्हणजे यंत्रमागावर होते. आधी दोन लूम सांभाळायचे, मग चार, शेवटी सहा. इतकी वर्षं त्या खडखडाटात काढल्यावर कान जाणारच, हे भिवंडीत कुणाला समजावून सांगावं लागत नाही. ह्यांच्याशी बोलायचं तर समोर उभं राहून, तोंड मोठं उघडून, हातानं खुणा करत बोलावं लागतं. विहीणबाई ठाण्याच्या. त्यांना हे पहिल्या भेटीतच सांगितलं होतं.

साखरपुड्यात त्यांनी ह्यांना कुर्त्याचं कापड दिलं. पांढऱ्यावर बारीक निळी चौकट. दिलं ते दिलं, वर उभ्या राहून भाषण केलं, की हे खास हातमागाचं आहे, मोठ्या दुकानातून आणलंय, काठातला हा लाल-निळा दोरा बघा, ही विणणाऱ्याची सही असते. आणि मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुमच्या भिवंडीसारखं नाही हो, एका धुण्यात पोतेरं होणारं." सगळा हॉल हसला. ह्यांना एक शब्द ऐकू गेला नाही. सगळे हसतायत म्हणून हेही हसले, कापड कपाळाला लावलं आणि विहीणबाईंना हात जोडले. त्यावर लोक अजून हसले. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

घरी आल्यावर ह्यांनी कापड अंगठ्यानं नुसतं चोळलं आणि म्हणाले, "आपलाच माल हाय. पावरलूम." मला ते हॉलमध्येच कळलं होतं. मीही बारा वर्षं कारखान्यात धोट्यातल्या सुताच्या कांड्या भरल्यात, सूत ओळखते. आणि तो लाल-निळा दोरा म्हणजे कसली सही अन् कसलं काय! शिफ्ट संपली की विणणारा काठात आपल्या रंगाच्या दोऱ्याचा तुकडा अडकवतो. इथवर माझं, इथून पुढं दुसऱ्याचं, मोजताना भांडण नको. पुढं तो काढून टाकायचा असतो. इथं कुणीतरी काढायला विसरलं, आणि दुकानदारानं त्याच विसरभोळेपणाचं कौतुक करून विहीणबाईंच्या गळ्यात कापड मारलं. नाकानं कांदे सोलणाऱ्या बाईला बरोबर कांदा विकला म्हणायचा.

मी ह्यांना खुणांनी सगळं सांगितलं, ती बाई काय बोलली तेसुद्धा. हे खो खो हसले. म्हणाले, जाऊ दे, कापड चांगलं हाय, कुर्ता शिवतो. असला माणूस. त्यांच्या वाटचा राग मग मलाच करावा लागतो.

लेक मानकोलीच्या एका गोदामात कामाला आहे, दिवसभर खोकी स्कॅन करते. नवरामुलगा तिथंच सुपरवायझर, तिथंच जमलं. मुलगा गरीब गाय आहे, त्याच्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. लेकीनं त्या दिवशी माझे दोन्ही हात धरले. म्हणाली, "आई, लग्न लागेपर्यंत तू त्यांना एक शब्द बोलायचा नाहीस. मला त्या घरात राहायचंय." मी तिच्या गळ्याची शपथ घेतली. शपथ मी पाळली, हे आधीच सांगून ठेवते. मी बोलणार नव्हतेच. ज्यानं ते कापड विणलं त्याला शोधून काढायचं, लग्नात पहिल्या रांगेत बसवायचं, आणि विहीणबाईंनी आपल्या तोंडानं त्याला विचारायचं की बाबा, हे कुठं विणलंस. उत्तर तो देईल, माझ्या शपथेला काय धक्का?

लग्नाला दीड महिना होता. सकाळचं जेवण आटपलं की मी कापड पिशवीत घालायची आणि निघायची. रिक्षा नाही, चालत. रिक्षातून कारखाने दिसत नाहीत, आणि मेट्रोच्या खांबांपायी रिक्षा तरी कुठं हलते? पहिल्या दिवशी कामतघरावरून तीन बत्तीला गेले. सुकट-बोंबलाच्या वासातून मंडईला वळसा घालून कापडाच्या सगळ्या दुकानांत शिरले. एका दुकानदारानं कापड उलटंपालटं केलं, डोळ्याजवळ नेलं आणि ठामपणे सांगितलं, साउथचा माल आहे. मी म्हटलं, नक्की का? तो म्हणाला, तीस वर्षं गल्ल्यावर बसलोय ताई. त्याच्या दुकानामागच्या गल्लीत लूम धडधडत होते, त्याच्या काचा हलत होत्या.

पद्मानगरला दोन दिवस गेले. तिथं सगळी तेलुगू विणकरांची वस्ती. दारात रांगोळ्या, गाडीवर इडली, आणि प्रत्येक तिसऱ्या घराच्या खाली चार-सहा लूम. एका म्हातारीनं मला ओट्यावर बसवून ताक दिलं. तिनं दोरा नखानं उचकटून बघितला आणि सांगितलं, आमच्याकडे कोरं पांढरं विणतात, रंगीत सुताचं काम इथं आता होत नाही. तिच्या तेलुगूतलं मला अर्धं कळलं, हातवाऱ्यांतलं सगळं.

मग निजामपुऱ्यात गेले. तिथल्या एका जुन्या कोकणी मुसलमान घराच्या कारखान्यात ह्यांनी पहिली दहा वर्षं काढली. शेठ आता नाहीत, त्यांची बायको आहे, नव्वदीला टेकलेली. तिनं मला आवाजावरून ओळखलं. तुझा घरवाला कसा हाय, कान कसं हायत, विचारत बसली. मी तिला सगळं रामायण सांगितलं, तेव्हा तिनं पानाचा डबा बाजूला ठेवला. म्हणाली, असल्या बाईला सोडू नको. जिवाला बरं वाटलं. इतक्या दिवसांत हे म्हणणारं एक तरी माणूस भेटलं. तिच्या नातवानं फोनवर कुणाकुणाला विचारून सांगितलं, की निळी चौकट सध्या शांतीनगरकडे दोन-चार जण काढतात.

शांतीनगर म्हणजे एकाच्या कुशीत दुसरी, दुसरीच्या कुशीत तिसरी गल्ली. डोक्यावर तारा, पायात शेळ्या, तंदूरच्या धगीनं गरम झालेल्या भिंती, आणि चारी बाजूंनी तो आवाज. तिथं पाच दिवस हिंडले. टाचांना भेगा पडल्या, एक चप्पल तुटली, ती तिथल्याच चांभाराकडून शिवून घेतली. कारखान्यात शिरलं की बोलायची सोयच नसते. मी दारात उभी राहून कापड पसरायची, बोटानं दोरा दाखवायची, भुवया उडवायची. आतून माणूस हात हलवायचा, नाही. ही भाषा मला येते, घरी तीच चालते. काही जणांना वाटायचं मी भीक मागायला आलेय. एकानं दहाची नोट पुढं केली. मी ती त्याच्याच लूमवर ठेवून आले आणि रस्ताभर विहीणबाईंना शिव्या घातल्या. माझ्या आईच्या गावाकडच्या शिव्या, पडघ्याच्या बाजूच्या. त्या इथं लिहिण्यासारख्या नाहीत.

सहाव्या दिवशी, दुपारी, एका पत्र्याच्या गाळ्यात मी कापड पसरलं आणि कोपऱ्यातल्या माणसानं लूम बंद केला. विणणारा माणूस उगाच लूम बंद करत नाही, तेवढं कापड बुडतं. मी काय ते समजले. पन्नाशीचा, उत्तर प्रदेशातला, कानात कापसाचे बोळे. त्यानं बोळे काढले, दोऱ्यावरून बोट फिरवलं. भिंतीवरच्या खिळ्याला लाल-निळा पिळलेला दोरा लोंबत होता.

"ये हमारा है," तो म्हणाला. "यहाँ तक हमारा, आगे दूसरे का." आणि लगेच त्याचा चेहरा उतरला. कापडात काही खोट निघाली का, शेठकडे तक्रार करायला आलात का, विचारायला लागला.

मी म्हटलं, तक्रार कसली, माझ्या लेकीच्या सासरच्यांना तुमचं काम फार आवडलंय, त्यांना तुम्हाला भेटायचंय, लग्नाला या. यातलं खोटं थोडंच होतं. पण त्या माणसाचा चेहरा असा फुलला की मला क्षणभर खाली बघावं लागलं. तीस वर्षं झाली भिवंडीत, तो म्हणाला, कपडा किसने बुना, ये आज तक किसी ने नहीं पूछा. बाजूच्या लूमवाल्याला त्यानं खांद्याला धरून हलवलं आणि ओरडून ही बातमी सांगितली. मला चहा पाजला. मी पत्रिका दिली आणि घरी येताना मला पाय दुखल्याचं आठवत नाही. रात्री भाकऱ्या थापताना मी मनात विहीणबाईंचं तोंड बघत होते, आधी फुललेलं, मग पडलेलं. ह्यांनी विचारलं, का हसतेस? मी म्हटलं, काही नाही.

लग्नाच्या दिवशी तो वेळेच्या आधी आला. इस्त्रीचा शर्ट, केसांना तेल, हातात पेढ्यांचा पुडा. मी त्याला पहिल्या रांगेत ह्यांच्या शेजारी बसवलं. दोघांची लगेच गट्टी जमली, कारखान्यातल्या खुणांनी गप्पा सुरू झाल्या. ह्यांच्या अंगावर त्याच कापडाचा कुर्ता होता. त्यानं कुर्त्याची बाही चिमटीत धरून बघितली, आणि दोघं हसले.

अक्षता पडल्या. मी विहीणबाईंपाशी गेले आणि अगदी गोड आवाजात म्हटलं, तुम्ही दिलेलं ते कापड ज्यांनी विणलं, ते कारागीर आलेत. बास, इतकंच बोलले. बाई हरखल्या. फोटोवाल्याला हाक मारली, बहिणीला बोलावलं, पदर सावरून त्याच्या बाजूला उभ्या राहिल्या. त्याचा हात हातात घेतला. लोक जमले. मग मला हवं होतं तेच त्यांनी विचारलं, कुठल्या गावी विणता तुम्ही, तिकडे हातमाग अजून टिकून आहेत का?

"हातमाग नाही ताई, लूम," तो मराठीत म्हणाला. मराठी त्याला चांगली येत होती, हे मला तेव्हा कळलं. "इथंच. शांतीनगर."

विहीणबाईंचं तोंड पडलं. अगदी मी रोज भाकऱ्या थापताना बघायचे तसं. माझ्या पोटात गारेगार वाटलं, खोटं कशाला सांगू? सगळी पायपीट त्या एका तोंडात वसूल झाली. मी ह्यांच्याकडे बघितलं, हेही बघत होते.

मग त्यांनी त्याचा हात सोडला, पदराला आपला हात पुसला आणि बहिणीकडे वळून हसत म्हणाल्या, "अगं बाई, म्हणजे दुकानदारानं भिवंडीचा चिंधीमाल खपवला की आपल्याला! आणि मी ह्याच्याबरोबर फोटो काढत बसले." बहीण हसली. फोटोवाला हसला. मागचे चार-पाच जण हसले. सगळे हसतायत म्हणून आमचे हेही हसले.

तो हसला नाही. त्याला सगळं ऐकू आलं होतं. त्यानं शर्टाची पुढची बाजू दोन्ही हातांनी खाली ओढली, जिथं सुरकुती नव्हती तिथंही. ज्या खुर्चीवर माझ्या नवऱ्याला साखरपुड्यात बसवलं होतं, तसल्याच खुर्चीवर मी ह्या माणसाला मुद्दाम बोलावून आणून बसवलं होतं. विहीणबाईंनी निदान बोलण्याच्या भरात केलं असेल. मी दिवसचे दिवस हिंडून, शोधून, पत्रिका देऊन केलं.

त्यानं पेढ्यांचा पुडा ह्यांच्या मांडीवर ठेवला, ह्यांना हात जोडले आणि माझ्याकडे आला. पंगत अजून बसायची होती. मी म्हटलं, जेवून तरी जा.

"चलता हूँ, भाभी," तो म्हणाला. "ड्यूटी है."

तो शुक्रवार होता. शुक्रवारी भिवंडीत लूम बंद असतात.