रस्त्यावर टाकलेला रुमाल

गाडी घेतली त्या वर्षी मी बसने जितका फिरलो तितका आयुष्यात कधी फिरलो नाही. कारण सोपं होतं. नारायण पेठेतल्या आमच्या गल्लीत, पिठाच्या गिरणीसमोर, मला गाडी लावायला जागा मिळाली होती. अशी जागा मिळणं म्हणजे काय, हे पेठेबाहेरच्यांना कळायचं नाही. आमच्याकडे लोक मुलीच्या लग्नाला रिक्षाने गेलेत, पण मिळालेली जागा सोडली नाही. एका गृहस्थांनी तर गाडी विकली, तरी वर्षभर रोज सकाळी त्याच जागेवर खुर्ची टाकून ते पेपर वाचत बसत. म्हणे, गाडी विकली, जागा नव्हे.

तर गाडी गिरणीसमोर आणि मी कोथरूडच्या ऑफिसला बसने, दांडीला लटकून. संध्याकाळी परतताना इतका दमलेला असे, की एकदा उभ्याउभ्या झोप लागली आणि कंडक्टरने मला खांब समजून माझ्याच दंडाला धरून पुढची तिकिटं फाडली. घरी आलो की गाडीवरचं पीठ पुसायचं. गाडी मूळची निळी, पण गल्लीतल्या निम्म्या लोकांना ती पांढरीच माहीत होती.

बायकोला मात्र गाडी एकाच कामासाठी हवी होती. तिची आई वाईजवळच्या खेड्यात एकटी राहत होती. गुडघे गेलेले. एसटीची पायरी चढवेना, म्हणून लेकीकडे येणंच बंद झालं होतं. आईला इथे आणायची, एवढाच तिचा हट्ट. मी दर रविवारी नवं कारण काढी. घाटात गर्दी असेल, चाकात हवा कमी आहे, अमावास्या आहे. एका महिन्यात मी चार अमावास्या काढल्या. कारणं संपली तेव्हा खरं बोललो.

"अगं, जागा जाईल!"

"एसटीच्या खिडकीतून लोक रुमाल टाकून सीट धरतात," ती शांतपणे म्हणाली. "तुम्ही गाडी घेतली नाहीत, रस्त्यावर रुमाल टाकलात. आणि रुमालाने निदान घाम तरी पुसता येतो."

पुढच्या रविवारी शेजाऱ्यांची बंद पडलेली स्कूटर ढकलत आणून जागेवर उभी केली आणि निघालो.

कात्रजला पोचेपर्यंतच माझा डावा पाय क्लच दाबून दाबून दुसऱ्या कुणाचा तरी झाला होता. खंबाटकीच्या घाटात ट्रक बंद पडलेला. रांग अशी, की पुढच्या गाडीतल्या बाळाला तिथल्या तिथे दात आले. तेवढ्यात शेजारी एक एसटी येऊन थांबली. आतले सगळे गाढ झोपलेले, तोंडं उघडी, माना शेजाऱ्याच्या खांद्यावर. रांग त्यांनाही तीच होती, पण पन्नास माणसांचं दमायचं काम तिथे एकटा ड्रायव्हर करत होता. आमच्या गाडीत दोघांमागे एक, तो मी. एसटीच्या ड्रायव्हरने वरून पाहिलं, मी खालून पाहिलं, आणि आम्ही दोघांनी एकदमच जांभई दिली.

सासूबाई सकाळपासून ओट्यावर तयार बसल्या होत्या. पिशवीत मोजकी लुगडी.

"आठच दिस येनार," त्या आधीच म्हणाल्या. "लेकीच्या घरी लई राहू न्हाई." मग गाडीचं दार उघडून आत वाकून बघितलं. "आत्ता गं बया! येष्टीची पायरी आभाळात, आन् हिची सीट पाताळात. मधल्या उंचीचं कुनी काय करतच न्हाई व्हय?"

दोन उशा आणि एक वाकळ रचून त्यांना बसवलं. परतीच्या वाटेवर मायलेकी बोलत होत्या. मला फक्त रस्ता ऐकू येत होता.

गल्लीत शिरलो तर स्कूटर भिंतीला टेकवलेली आणि जागेवर टेम्पो. सासूबाईंना दारातच उतरवायला हवं होतं, म्हणून रस्त्याच्या मधोमध थांबलो. मागे हॉर्न सुरू झाले. एक स्कूटरवाला पुढे येऊन खिडकीशी वाकला.

"काका, मुक्काम इथेच का? गादी आणून देऊ?"

सासूबाईंचा एक पाय बाहेर, एक आत. त्या त्याच्याकडे वळल्या. "दम काढ की रं बाबा. मी काय पोतं हाय, ढकलून द्याया?"

हॉर्न थांबले. पेठेत हे मी पहिल्यांदाच पाहिलं. त्या सावकाश उतरल्या, बायकोचा हात धरून दारात शिरल्या, आणि मी जागा शोधायला निघालो. पेठा संपल्या, पूल संपला, सिंहगड रस्ता संपत आला. शेवटी धायरीत एका नातेवाइकांच्या दारात गाडी लावली आणि तिथून बसने घरी आलो. अर्थात उभ्याने.

सासूबाई आतल्या खोलीत पाय उशीवर ठेवून झोपल्या होत्या. बायकोने चहा पुढे ठेवला. टेबलाखाली माझा डावा पाय अजून क्लच दाबत होता.

"आठ दिवसांनी आईला सोडायला जायचंय ना?" तिने विचारलं. वर न बघता.

"कोण सोडणार?" मी म्हणालो. "राहू देत की त्या इथेच."

"मी सांगून ती ऐकत नाही. जावयाने म्हणायला हवं."

"मग म्हणतोय ना! राहा म्हणावं. कायमच्या राहा."

आतून, गाढ झोपेतून, लगेच उत्तर आलं, "जावईबापूच म्हनत्यात, तर मोडवत न्हाई."

माझा कप अर्धा भरलेला होता, तरी बायकोने त्यात आणखी चहा ओतला.