माझी कापलेली सात मिनिटं

पुण्यात मी आठ वर्षं डॉक्टर होते. नव्वदच्या दशकात ऑकलंडला आले, तेव्हा इथली परीक्षा पास होईपर्यंत त्या आठ वर्षांना कोणी विचारत नव्हतं. मी एका वृद्धाश्रमात फरशा पुसत होते.

रविवारी आम्ही तीन-चार असेच डॉक्टर माउंट वेलिंग्टन या उपनगरातल्या फूडकोर्टात अभ्यासाला बसायचो. तिथंच ती भेटली. तुर्कस्तानातून आलेली, पन्नाशीची, एकटीनं माहितीपट करणारी. खाणीत मेलेल्या कामगारांच्या बायकांवरची तिची फिल्म तिच्या देशात दाखवू दिली नव्हती. इथं ती स्कूलबस चालवायची आणि उरलेल्या वेळात शूटिंग करायची. आता तिला आमच्यावर फिल्म करायची होती.

कॅमेऱ्यासमोर मी आमच्या वृद्धाश्रमातल्या एका आजोबांबद्दल सांगितलं. त्यांचे पाय सुजले होते, आडवं झालं की दम लागायचा. हृदयाचं दुखणं आहे, डॉक्टरांना बोलवा, असं मी तीन दिवस सुपरवायझरला विनवत होते. तो म्हणाला, तू तुझी बादली बघ. चौथ्या दिवशी आजोबा गेले. सांगताना माझा आवाज चढला, पण तिनं कॅमेरा बंद केला नाही.

एका वाहिनीनं ती फिल्म घेतली. त्यांनी केलेली नवी कापाकापी बघायला ती मला सोबत घेऊन गेली. आजोबांची सात मिनिटं पार गायब होती. पडद्यावर मी पोळ्या लाटत होते, मागे सतार वाजत होती आणि कुणी पुरुष सांगत होता की नव्या देशाबद्दल ही माणसं किती कृतज्ञ आहेत. असलं काही मी कधी बोलले नव्हते. वाहिनीचा माणूस अगदी गोड होता. आमच्यापुढे बिस्किटं सरकवत तो म्हणाला, लोक जेवताना टीव्ही बघतात, त्यांना हे जड होईल.

परतताना गाडीत मीच तिला म्हणाले, जाऊ दे, निदान टीव्हीवर तरी येईल. याची मला आजही चीड येते.

तिनं गाडी कडेला घेतली. "तीन दिवस तू सांगत होतीस, कोणी ऐकलं नाही. आता सगळे ऐकतील, तर तूच गप्प बसणार?"

दुसऱ्या दिवशी तिनं फिल्म परत घेतली. त्या वाहिनीनं तिला पुन्हा दारात उभं केलं नाही, आणि दुसऱ्या वाहिन्यांनीही तिचे फोन उचलले नाहीत. पापाटोएटो या ऑकलंडच्याच उपनगरातल्या एका हॉलमध्ये, घडीच्या खुर्च्या मांडून, तिनं ती पूर्ण दाखवली. चाळीसेक माणसं आली होती. पुढच्याच आठवड्यात वृद्धाश्रमानं मला कामावरून काढलं.

मी नंतर परीक्षा पास झाले, हॉस्पिटलात लागले. ती बस चालवतच राहिली आणि आणखी तीन फिल्म्स तिनं तशाच एकटीनं केल्या, तशाच हॉलमधून दाखवल्या. शेवटी सगळं छान झालं की, असं ओळखीचे लोक मला म्हणतात. माझं झालं. तिचं काय झालं, हे त्यातल्या एकानंही कधी विचारलेलं नाही.