सदाशिव पेठेतून कळलेले गोल

मला मुंबईच्या विमानतळावर न्यायला आलेली गाडी आमच्या बोळात शिरलीच नाही. दोन्ही बाजूंना स्कूटर लावलेल्या. भर दुपारी मी आणि बाबा दोन बॅगा ओढत कोपऱ्यापर्यंत चालत गेलो. बाबा मुंबईला येणार नव्हते. "विमानतळावर येऊन मी काय करू? विमान ढकलायचं आहे का?" असं त्यांनी आदल्या दिवशीच विचारलं होतं. गाडीचं दार लावताना ते म्हणाले, "पोचल्यावर फोन कर. मधे करू नकोस, गाडीत आहेस हे मला माहीत आहे." गाडी वळताना मी मागे पाहिलं, तर आमच्या फाटकासमोर कुणीतरी आडवी लावलेली स्कूटर ते सरकवत होते.

आई जाऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती. माझ्या खराडीच्या कंपनीने मला इंग्लंडला पाठवायचं ठरवलं आणि मी हो म्हटलं, त्या दिवसापासून बाबांबद्दलचे जे प्रश्न सुरू झाले ते आजही थांबलेले नाहीत. रक्तदाबाच्या गोळ्या घेतील का? गॅस बंद करतील का? बाथरूममध्ये पडले तर? धाकटा भाऊ मंदार शहराच्या पार टोकाला, वाघोलीला राहायला गेला होता. पुण्यातच की, असं मी स्वतःला समजावत होते. बाबांचं म्हणणं वेगळं होतं. "तो वाघोलीला आणि तू इंग्लंडला. म्हणजे त्यातल्या त्यात तूच जवळ."

फुटबॉलचं वेड मुळात माझं. घरी केबल आली तेव्हा मी शाळेत होते, आणि क्रिकेट शोधता शोधता एका शनिवारी इंग्लंडमधली मॅच लागली. हिरवंगार मैदान, ओले प्रेक्षक, आणि न थांबणारं गाणं. मी तिथेच अडकले. बाबा पाटबंधारे खात्यात कारकून. पेपर वाचता वाचता एकदा मान वर करून म्हणाले, "दीड तास पळापळ आणि शेवटी शून्य-शून्य? हे तर आमचंच खातं." पुढे दहा वर्षं त्यांनी त्या खेळाकडे ढुंकूनही पाहिलं नाही.

मी गेल्यावर मात्र ते बघायला लागले. कंपनीने मला नेमकं अशा शहरात टाकलं, जिथे वरच्या दर्जाचा एक संघ आहे, आणि भाड्याचं घर मिळालं ते त्यांच्या मैदानापासून दहा मिनिटांवर. बाबांना खेळात रस नव्हता, त्यांना माझ्या गावचं हवामान बघायचं होतं. "आज लोक कोट घालून बसलेत. तू बाहेर जाताना काय घातलं होतंस?" असा पहिला प्रश्न असायचा. हळूहळू त्यांना ऑफसाइड कळायला लागलं. खेळाडूंची नावं त्यांनी कधी पाठ केली नाहीत. शेंडीवाला, आपला डावखुरा, उगाच पडणारा, अशी त्यांनी स्वतःच बारशी केली.

आणि मग आम्हाला एक गंमत कळली. इंग्लंडमध्ये शनिवारी दुपारी तीनच्या मॅचेस टीव्हीवर दाखवतच नाहीत. लोकांनी घरात न बसता मैदानावर जावं, म्हणून म्हणे. मैदानावरची तिकिटं वर्षानुवर्षांच्या सभासदांना जातात, आमच्यासारख्यांना मिळतात कुठे? म्हणजे मॅच माझ्या घरामागे, आणि दिसते मात्र सदाशिव पेठेत! बाबांना याचा केवढा आनंद झाला. त्यांनी माझी जबाबदारीच घेतली. थंडीच्या दिवसांत आपल्याकडे तेव्हा रात्रीचे साडेआठ वाजतात. बाबा साडेसातलाच जेवून, ताट घासून, फोन कानाला लावून बसत, आणि दीड तास मला मॅच सांगत.

तुमच्यापैकी जे परदेशी गेलात त्यांना हे वेगळं सांगायला नको. मी मॅच ऐकत नसे, मी बाबांना ऐकत असे. धाप लागली आहे का, शब्द अडखळतोय का, खोकला कालचाच आहे की नवीन. ते कॉर्नरबद्दल बोलत आणि मी त्यांच्या फुप्फुसांबद्दल काळजी करत असे. आणि जे मागे राहिलात त्यांनाही सांगते, तुम्ही फोनवर कितीही खणखणीत बोललात तरी आम्ही फोन ठेवल्यावर तोच आवाज पुन्हा आठवून तपासतो.

एक गोष्ट मी बाबांना सांगितली नव्हती. आपला गोल झाला की मैदानावरचा जल्लोष माझ्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून ऐकू येतो. काच बंद असली तरी. सुरुवातीला केबल होती तेव्हा बाबांची हाक काही सेकंदांत यायची. मग मंदारने त्यांच्या टीव्हीवर ॲप टाकून दिलं, आणि इंटरनेटवरून येणारी मॅच चांगली पाऊण मिनिट मागे पडली. जल्लोष व्हायचा, मी मनात आकडे मोजत बसायचे, आणि चाळीस-पंचेचाळीसच्या आसपास पुण्याहून आरोळी यायची, "गोल! अगं, गोल झाला!" मी म्हणायचे, "काय सांगता!" सहा वर्षं मी हे नाटक केलं. आठवडाभर त्यांच्याकडे सांगण्यासारखं दुसरं काही नसायचं, आणि एवढी एक बातमी त्यांच्याकडून हिसकावून घ्यायला माझं मन झालं नाही.

मागच्या हिवाळ्यातल्या एका शनिवारी त्यांचा फोन मोबाइलवरून आला. "लँडलाइनला खरखर आहे," म्हणाले. आवाज जरा खाली होता, पण नेमाने सुरुवात झाली. पाऊस नाही, लोक कोटात आहेत, शेंडीवाला आज सुस्त आहे. वीसेक मिनिटं झाली असतील, खिडकीबाहेर जल्लोष उठला. मी मोजायला लागले. पंचेचाळीस झाले. साठ झाले. बाबा सांगत होते, "काही दम नाही आज. नुसते इकडून तिकडे ढकलतायत." नव्वद. शंभर. नेट अडकलं असेल, असं मी स्वतःला म्हटलं. पण नेट अडकलं की बाबा आधी मंदारला आणि मग सरकारला नावं ठेवतात. ते काहीच झालं नाही. त्यांचा शेंडीवाला आपला पळतच होता.

मग दुसरा जल्लोष झाला, पहिल्याहून मोठा. बाबा म्हणाले, "शून्य-शून्यच राहणार बघ."

बाबांना झालंय काय? डोळ्यांनी दिसेनासं झालं की काय? की जुनीच मॅच लावून बसलेत आणि त्यांना समजत नाहीये? शेजारच्या आजींचं असंच सुरू झालं होतं.

"बाबा, टीव्ही लावलाय ना?"

"मग काय, भिंतीकडे बघून सांगतोय?"

"बाबा, दोन गोल झालेत."

पलीकडून मला लांबून कुणाच्या तरी चपला घासत गेल्याचं ऐकू आलं आणि कुठलंसं यंत्र टिकटिकताना ऐकू आलं. आमच्या घरात असलं यंत्र नाही.

"तुला कसं कळलं?"

"मला ऐकू येतं. खिडकीतून. नेहमीच येतं."

"नेहमीच म्हणजे?"

"पहिल्या वर्षापासून."

ते हळूच म्हणाले, "दोन्ही आपलेच का?"

"आवाजावरून आपलेच."

"बरं झालं." मग एका दमात बोलले, फाइल पुढे सरकवावी तसे. "गुरुवारी छातीत दुखलं. मंदारने दवाखान्यात आणलं. काल फुगा घालून नळी मोकळी केली. आता बरा आहे. खोलीत टीव्ही नाही, म्हणून भिंतीकडे बघूनच सांगत होतो. मंदारला ओरडू नकोस, त्याला मी शपथ घातली आहे. तू तिथे हातपाय गाळून बसली असतीस."

तीन दिवस! मी गुरुवारी ऑफिसात कुणाच्यातरी वाढदिवसाचा केक खात होते. "तुम्ही मला खोटं सांगितलंत," मी म्हणाले.

"आणि तू सहा वर्षं 'काय सांगता' म्हणत होतीस," बाबा म्हणाले. त्यांच्या आवाजात चिडचिड नव्हती. दुखावलेपण होतं, आणि ते मला त्यांच्या छातीतल्या दुखण्याच्या बातमीहून जास्त लागलं.

सोमवारी मी पुण्यात पोचले. मंदारला ओरडायचं ठरवलं होतं, पण चार दिवसांची दाढी वाढलेला तो दवाखान्याच्या दारात दिसला आणि मी त्याच्या खांद्यावर डोकं टेकून रडले. मंगळवारी बाबा घरी आले. जिना चढताना प्रत्येक पायरीवर थांबून त्यांनी मागे माझ्याकडे पाहिलं आणि प्रत्येक वेळी म्हणाले, "ठीक आहे मी." मी मान डोलावली. माझा विश्वास बसत नव्हता, हे त्यांनाही दिसत होतं.

लोक मला विचारतात, आता तुझं घर कुठलं, इथलं की तिथलं? पूर्वी मी लगेच सदाशिव पेठ म्हणायचे. आता वाटतं, घरात माणसाचं दुखणंखुपणं दुसऱ्याला आपोआप दिसतं. उठताना कण्हल्याचा आवाज स्वयंपाकघरात येतो, लपवायचं म्हटलं तरी लपत नाही. तेवढं सोडून बाकी सगळं मला फोनवर मिळत होतं. बाबांनी मला काळजीतून वाचवायला आणि मी त्यांचा आनंद सांभाळायला इतकं काही झाकून ठेवलं, की आम्ही एकमेकांच्या घराबाहेर कधी जाऊन बसलो ते कळलंच नाही. परतीचं विमान नऊ दिवसांनी होतं. मी परत गेल्यावर पुन्हा बाबांचा फोन येईल, "मी बरा आहे" म्हणतील, आणि मी तो आवाज कुठल्या खोलीतून येतोय ते कान देऊन ऐकत बसेन.

शनिवारी आम्ही दोघं मॅच बघायला बसलो. आपला संघ परगावी खेळत होता. बाबांच्या मनगटावर सुईचा काळानिळा डाग होता आणि मी तिकडेच बघत होते. डावखुऱ्याने लांबून मारलेला चेंडू जाळ्यात गेला. मी ओरडले. बाबा ओरडले नाहीत. ते टीव्हीकडे बघतच नव्हते, माझ्या चेहऱ्याकडे बघत होते.

"तुला आत्ताच कळलं ना?" त्यांनी विचारलं.

"आत्ताच, बाबा."

"खरं?"

"खरंच."

मग ते टीव्हीकडे वळून म्हणाले, "गोल झाला."