आमच्या कालवडीला रशियन येतं!

लोकहो, सकाळपासून हसू आवरत नाहीये, म्हणून लगेच लिहितेय.

माझी धाकटी जाऊ ओल्गा रशियातली. लग्न होऊन कळंबला आली त्याला आठ वर्षं झाली. परवा तिची आई पहिल्यांदाच आली, आणि ओल्गाची सहा वर्षांची लेक तान्या आजीशी एक शब्द बोलेना! ओल्गा तिच्याशी जन्मापासून रशियनच बोलते, पण पोरगी उत्तर मराठीत देते. काल भांडी घासताना ओल्गा रडली. "ताई, माझी भाषा माझ्याबरोबरच संपणार," म्हणाली.

आज सकाळी कालवड दावं तोडून कांद्यात घुसली. आम्ही सगळे मागं धावतोय, ती लई पुढं. तेवढ्यात तान्या बांधावरून ओरडली, "इदी सुदा!" म्हणजे इकडं ये. वर आणखी चार वाक्यं, चांगली खडसावून, सगळी रशियनमध्ये!

कालवड वळली की राव! गुमान तिच्यापाशी आली. ओल्गा रोज वैरण टाकताना कालवडीशी रशियनमध्येच बोलते, आणि तान्या तिथंच खेळत असते.

आजीबाई बघतच राहिल्या. मी तान्याला म्हटलं, "अगं, एवढं येतंय तर आजीशी का बोलत नाय?"

"काकू, ती गोठ्यातली भाषा हाय. पावण्यांशी कशी बोलायची?"

ओल्गाने हे आईला सांगितलं. आजीबाई उठल्या, गोठ्यात कालवडीशेजारी जाऊन बसल्या आणि तिथून तान्याला हाक मारली. दोघींची बडबड अजून चालूय. जेवणाची ताटं मी तिकडंच नेऊन दिली.

तुमच्या घरातली कुठली भाषा अशी गोठ्यात राहिलीय?