मानाचा बारा

धुळ्याजवळच्या आमच्या गावात आखाजीच्या, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या, सणाला घरोघरी जुगार चाले. आमच्याकडे डाव दोन फाशांचा. ज्याचा आकडा पडेल त्याला बाकीच्यांनी एकेक आंबा द्यायचा. आकडे मात्र मानाप्रमाणे वाटलेले, कारण आजोबांच्या टाळक्यात मानापलीकडे काही शिरतच नसे. बारा त्यांचा, दोन शेतावर राबणाऱ्या सालदाराचा, आणि मधला बिनमानाचा सात आत्याच्या नवऱ्याचा, कारण तो घरजावई.

सात सारखा पडे. घरजावयापुढे आंब्यांची रास आणि आजोबांपुढे कोयसुद्धा नाही. मी तेव्हा जळगावला इंग्रजी शाळेत शिकत होतो. न राहवून म्हणालो, "आबा, बारा फक्त सहा-सहानेच होतो. सात मात्र एक-सहा, दोन-पाच, तीन-चार आणि हेच उलटे, असा सहा तऱ्हांनी होतो."

"मोठा आकडा मोठा माणूसनाच शे!" ते माझ्यावर खेकसले.

पुढच्या आखाजीला मात्र त्यांनी सात गुपचूप स्वतःकडे घेतला आणि चारचौघांसमोर जावयाला बारा देऊन टाकला. वर गावभर सांगत फिरले, की अख्ख्या खानदेशात कुठल्या सासऱ्याने घरजावयाचा एवढा मान राखला नसेल.